तारामती ते ब्रागांझा आजी : दुर्गा खोटे यांच्याकडे पुन्हा पाहताना

आपल्या मंडळाने 'रुपेरी पडद्यावरचे गोमंतकीय' असे काही तक्ते करायचे ठरवले, तेव्हा दुर्गा खोटे यांच्या तक्त्याचा मजकूर तपासायचे काम माझ्याकडे आले. मजकूर तीनच वाक्यांचा होता. मूळ घराणे गोव्याचे. घरंदाज कुटुंबातून सिनेमात आलेली पहिली स्त्री. हिंदी पडद्यावरची वात्सल्यमूर्ती आई. खाली दादासाहेब फाळके पुरस्कार, १९८३. मी सही करून टाकली असती. माझी सगळी नोकरी पाण्याच्या टाक्या आणि पाइपलाइनी यांत गेली, आणि नकाशावर सही करण्याआधी एकदा जागेवर जाऊन यायचे ही त्या धंद्याची खोड. म्हणून म्हटलं, आधी बाईंचे चित्रपट तरी बघू. जे मिळाले ते ओळीने, वर्षाच्या क्रमाने बघितले. बघून झाल्यावर ती तीन वाक्ये मला खटकू लागली. खोटी म्हणून नव्हे. त्यांत बाई कुठेच दिसत नव्हत्या म्हणून.

सुरुवात १९१३ पासून करावी लागेल. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती कोणी केली हे आपल्या वाचकांना सांगायला नको : अण्णा साळुंके. स्त्री मिळेना म्हणून उपाहारगृहात काम करणारा एक पोरगा साडी नेसून उभा राहिला, आणि लोकांनी त्याला तारामती मानले. यात नवल वाटण्यासारखे काही नव्हते. रंगभूमीवर बालगंधर्व होते, आणि पुढे आपल्या मंगेशीचे मास्टर दीनानाथ 'भावबंधन'मध्ये लतिका करून वाहवा मिळवणार होते. पेडण्याकडे दशावतार बघत वाढलेल्या माणसाला तर पुरुषाने केलेली राणी अजूनही खुपत नाही. रात्री दोन वाजता, गॅसबत्तीच्या जागी आलेल्या ट्यूबलाइटखाली, ती राणी खरीच वाटते.

त्यानंतर १९ वर्षांनी, १९३२ मध्ये, कोल्हापूरच्या प्रभात कंपनीने तीच कथा मराठी आणि हिंदीत बोलती केली. 'अयोध्येचा राजा'. दिग्दर्शक व्ही. शांताराम, संगीत आणि हरिश्चंद्राची भूमिका गोविंदराव टेंबे यांची, आणि तारामती दुर्गा खोटे. मराठी बोलपटाचा जन्म या चित्रपटाने धरतात. म्हणजे मराठी पडद्यावर तारामतीला जेव्हा आवाज मिळाला, तेव्हा तो बाईचाच आवाज होता. आता आवाज नाटकी उरला नाही, असे मात्र नाही. आज बघताना दुर्गाबाईंचे संवाद लांबवलेले वाटतात, शब्द सुटे सुटे येतात. पण त्या काळचा मायक्रोफोन लक्षात घ्या. पार्श्वगायन अजून आलेले नव्हते. जे बोलायचे, गायचे ते कॅमेऱ्यासमोर तिथल्या तिथेच, लपवलेल्या माइकच्या टप्प्यात राहून. मान फिरवली की आवाज पडला. अशा बंधनात बहुतेक नट पुतळ्यासारखे उभे दिसतात. दुर्गाबाईही उभ्या आहेत, पण त्यांच्या उभे राहण्यात एक रग आहे. लिलावात विकली जाणारी राणी त्यांनी केविलवाणी केलेली नाही. हे मला पहिल्यांदा बघताना जाणवले नव्हते. दुसऱ्यांदा आवाज बंद करून बघितले तेव्हा दिसले. वाचकांनीही हा प्रयोग जरूर करावा.

आता ते दुसरे वाक्य : घरंदाज कुटुंबातली पहिली.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ चा, मुंबईतला. माहेरचे आडनाव लाड. घरात कोकणी बोलली जायची. शिक्षण इंग्रजी शाळेत आणि पुढे सेंट झेवियर्समध्ये. लग्न खोट्यांच्या श्रीमंत घरात झाले. नवरा विश्वनाथ खोटे, शिक्षणाने इंजिनिअर (आमच्याच जातीचा, म्हणजे धंद्याने). मग सासरची आर्थिक घडी विस्कटली आणि दोन मुलांच्या आईला पैसे मिळवणे भाग पडले. मोहन भवनानींच्या 'फरेबी जाल' (१९३१) मध्ये त्यांनी छोटेसे काम केले. तो चित्रपट पडला, आणि नातलगांत आणि समाजात नाव मात्र बद्द झाले. हे सगळे त्यांनी 'मी, दुर्गा खोटे' या आत्मचरित्रात न लाजता लिहिले आहे. म्हणजे त्यांना पडद्यावर आणले ते कलेच्या ओढीपेक्षा गरजेने, आणि त्याची किंमत त्यांनी मोजली. हे नाकारायचा प्रश्नच नाही.

पण 'पहिली' हा शब्द टिकत नाही. फाळक्यांच्याच 'मोहिनी भस्मासुर'मध्ये, १९१३ मध्येच, दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला पडद्यावर आल्या होत्या. ब्राह्मण घरातली, नवऱ्यापासून वेगळी राहून मुलीला वाढवणारी ती बाई. कमलाबाई पुढे गोखले झाल्या. चंद्रकांत गोखले हे त्यांचे चिरंजीव आणि विक्रम गोखले हे नातू. म्हणजे 'घरंदाज' या शब्दाचा अर्थ जात एवढाच घेतला, तरी एक दुर्गाबाई दुसऱ्या दुर्गाबाईंच्या १८ वर्षे आधी येऊन गेल्या. पहिलीला आपण विसरलो, कारण तिच्या मागे वाडा नव्हता आणि कॉलेज नव्हते.

याहून मला जास्त बोचते ते निराळेच. हा शब्द गोव्याच्या तक्त्यावर लिहिताना आपण दुसऱ्या कोणाला तरी 'घरंदाज नसलेली' म्हणत असतो. आणि त्या दुसऱ्या बायका कोण, हे गोव्यात तरी सांगावे लागू नये. ज्या कलावंत समाजाने मंगेशीचे दीनानाथ दिले, बांदिवड्याच्या ज्योत्स्ना भोळे दिल्या, गाणाऱ्या आणि अभिनय करणाऱ्या बायकांच्या पिढ्या दिल्या, त्यांच्या देवळातल्या सेवेवर आणि रियाजावर आपला सगळा 'गोमंतकीय कलेचा वारसा' उभा आहे. १९३३ मध्ये नाट्यमन्वंतरच्या 'आंधळ्यांची शाळा'त ज्योत्स्नाबाई उभ्या राहिल्या, तेव्हा मराठी रंगभूमीवर स्त्रीभूमिका स्त्रीने करण्याला नवे वळण मिळाले. 'अयोध्येचा राजा'नंतर जेमतेम वर्षभराने. एकीचे धाडस आपण घराण्याच्या नावाने मोजतो आणि दुसरीचे गृहीत धरतो. मीनाक्षी शिरोडकरांचे तेच. १९३८ च्या 'ब्रह्मचारी'त पोहण्याच्या पोशाखात आल्या म्हणून महाराष्ट्र हादरला, पण मूळच्या त्या रतन पेडणेकर हे आपल्या पेडण्यातसुद्धा किती जणांना ठाऊक आहे?

बैठकीत मी हे बोललो तेव्हा एक ज्येष्ठ सभासद म्हणाले, "अहो, पण त्या काळी असंच म्हणत." खरं आहे. त्या काळी म्हणत. तक्ता आपण आज लावतो आहोत.

हे बाजूला ठेवून त्यांच्या कामाकडे वळू, कारण तिसरे वाक्य, 'आई', हे सगळ्यांत फसवे आहे.

पहिल्या पाच वर्षांत या बाईने काय काय केले बघा. 'माया मच्छिंद्र' (१९३२) मध्ये स्त्रीराज्याची राणी, जवळ पाळलेला चित्ता. मग कोल्हापूर सोडून थेट कलकत्ता. न्यू थिएटर्सच्या 'राजरानी मीरा'त (१९३३) मीरा, १९३४ मध्ये 'सीता'. दोन्हींचे दिग्दर्शक देवकी बोस. 'सीता' व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला. त्यातले राम होते तरुण पृथ्वीराज कपूर. हे नाव लक्षात ठेवा, पुढे परत यायचे आहे. त्या काळी नटमंडळी कंपनीची पगारी नोकर असत, एका स्टुडिओच्या आवारातच आयुष्य जाई. दुर्गाबाई मात्र कोल्हापूर, कलकत्ता, पुणे, मुंबई अशा काम असेल तिथे गेल्या. आज ज्याला फ्रीलान्स म्हणतात ते त्यांनी स्टुडिओंच्या भर अमलात केले. १९३७ मध्ये 'साथी'ची निर्मितीही केली.

इथे दीनानाथांची आठवण होते. त्यांनीही १९३४ मध्ये 'कृष्णार्जुन युद्ध' काढून बोलपटात उडी घेतली होती, बलवंत पिक्चर्स या आपल्या कंपनीतर्फे. एवढा मोठा गवई नट, पण त्या धंद्याने त्यांना बुडवले. कारण ते नाटक कंपनीचा सगळा संसार उचलून सिनेमात घेऊन गेले. दुर्गाबाईंकडे उचलून न्यायला काही नव्हतेच. त्यांची पाटी कोरी होती, आणि तेच त्यांचे भांडवल ठरले, असे मला वाटते. गाण्यात त्या दीनानाथांच्या पासंगालाही पुरणार नाहीत. पण माइक आणि कॅमेरा यांना काय लागते ते त्यांना लवकर कळले.

त्यांचे शिखर माझ्या मते 'अमरज्योती', १९३६. तोवर प्रभात पुण्याला आली होती. दिग्दर्शक पुन्हा शांताराम. सौदामिनी नावाची एक बाई. नवऱ्यापासून वेगळी होताना स्वतःच्या मुलावर कायदा तिला हक्क देत नाही. न्यायासनासमोर ती हरते आणि समुद्रावर जाऊन चाच्यांची म्होरकी होते. समोर चंद्रमोहन, ज्यांच्या डोळ्यांना भलेभले नट बिचकत. दुर्गाबाई त्यांच्यासमोर दबत नाहीत. जहाजावर पाय रोवून उभ्या राहतात तेव्हा 'अयोध्येचा राजा'तली तीच रग इथे मोकळी सुटलेली दिसते. आवाजही बदललेला आहे. चार वर्षांत शब्द लांबवणे गेले, वाक्य तुटक आणि धारदार झाले. आणि मूळ प्रश्न, मुलावर आईचा हक्क, हा तेव्हा पडद्यावर कोणी विचारत नव्हते. दोन मुलांना घेऊन कमावायला निघालेल्या बाईने तो विचारावा, याला त्यावेळच्या प्रेक्षकांनी निव्वळ अभिनय मानले असेल का? मला शंका आहे. 'पडद्यावरची आई' असे म्हणायचेच असेल तर ही आई म्हणा. हातात तलवार असलेली.

मग उतार लागला, आणि तो फार लवकर लागला. १९४१ मध्ये अत्र्यांच्या 'पायाची दासी'त (हिंदीत 'चरणों की दासी') त्या सासू झाल्या. वनमाला सून. दुर्गाबाईंचे वय तेव्हा ३६. पुढल्या वर्षी विजय भट्ट यांच्या 'भरत मिलाप'मध्ये कैकेयी, आणि सीता शोभना समर्थ. म्हणजे १९३४ ची सीता आठ वर्षांत कैकेयी झाली. आपल्याकडे पुरुष नट पन्नाशीतही कॉलेजकुमार शोभतो आणि बाई पस्तिशीत सासू होते, हा हिशोब आजही फारसा सुधारलेला नाही. पण सांगायचे ते असे, की या दोन्ही भूमिका त्यांनी उतरंड म्हणून केल्या नाहीत. ती सासू खरोखर भीती घालते. कैकेयीला त्यांनी खलनायिका न करता हट्टाला पेटलेली बाई केली. या दोन्ही कामांना बंगालच्या चित्रपट पत्रकारांच्या संघाने उत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार दिला. १९४३ मध्ये सोहराब मोदींच्या 'पृथ्वी वल्लभ'मध्ये मृणालवती. बंदी केलेल्या मुंजाचा गर्व उतरवायला निघालेली आणि स्वतःच उतरत जाणारी. मोदींचा आवाज म्हणजे नगारा. त्याला पुरून उरणे सोपे नव्हते, पण त्या उरल्या. हिंदी पडद्याने त्यांना दिलेली ही जवळजवळ शेवटची बरोबरीची झुंज.

पुढे हिंदी चित्रपटाने जे दिले नाही ते मराठी रंगभूमीने दिले. हे आमच्या तक्त्यात नव्हतेच. मुंबई मराठी साहित्य संघाच्या 'भाऊबंदकी'त आनंदीबाई, आणि शिरवाडकरांनी 'मॅकबेथ'वरून केलेल्या 'राजमुकुट'मध्ये नानासाहेब फाटकांसमोर राणी. पन्नाशीच्या उंबरठ्यावर लेडी मॅकबेथ! सिनेमा त्यांच्याकडून दुधाचा पेला मागत होता तेव्हा नाटक त्यांच्या हाती कट्यार देत होते. ही नाटके बघितलेली माणसे आता विरळाच. माझ्या पिढीच्या नशिबी फक्त फोटो. संगीत नाटक अकादमीने १९५८ मध्ये त्यांचा सन्मान केला, पद्मश्री मिळाली १९६८ मध्ये.

'मुघल-ए-आझम' (१९६०) बद्दल थोडे. तेव्हा गोवा पोर्तुगीज अमलाखाली होता. जोधाबाई म्हणून त्या पृथ्वीराज कपूर यांच्यासमोर आहेत, २६ वर्षांपूर्वीच्या आपल्या रामासमोर. पृथ्वीराज गर्जतात, दिलीपकुमार कुजबुजतात. दोन पिढ्यांच्या दोन अभिनयपद्धती. दुर्गाबाई कथेत नवरा आणि मुलगा यांच्यामध्ये आहेत, तशाच या दोन पद्धतींच्याही मध्ये आहेत. पृथ्वीराजांशी बोलताना त्यांचा आवाज जुन्या बोलपटाचा होतो, दिलीपकुमारांशी बोलताना खाली येतो. हे त्यांनी जाणून केले की आपोआप झाले, ते मला सांगता येणार नाही. पण त्या भव्य, जड चित्रपटाचे दोन काठ जर कशाने जोडले असतील तर या बाईंच्या आवाजाने.

आणि त्यानंतर? खरं सांगायचं तर साठ-सत्तरच्या दशकांतले त्यांचे कित्येक चित्रपट मी पुढे ढकलत बघितले. पांढरी साडी, खांद्यावर शाल, खोकला, आशीर्वाद. पोटासाठी करावे लागते, त्यात कमीपणा नाही, पण भक्तिभावाने ते सगळे 'वात्सल्यमूर्ती'च्या खात्यात जमा करायचेही कारण नाही. अपवाद आहेत. जेम्स आयव्हरींचा 'द हाउसहोल्डर' (१९६३) हा त्यांपैकी पहिला. दिल्लीच्या एका गरीब मास्तराच्या संसारात येऊन ठाण मांडणारी आई, आणि मुलगा शशी कपूर. दुर्गाबाई विनोद किती बारीक करू शकत होत्या हे तिथे कळते. तोंड वाकडे न करता सुनेचा जीव नकोसा करतात. हृषीकेश मुखर्जींनी 'बावर्ची' आणि 'अभिमान'मध्ये त्यांना माणसासारखे वागवले. 'अभिमान'मधली मावशी तर आपल्याकडच्या कुठल्याही घरात सापडेल. १९७४ च्या 'बिदाई'साठी फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. 'कर्ज'मध्ये (१९८०) पंचाहत्तरीतही उभ्या आहेतच.

राहिले पहिले वाक्य : मूळ घराणे गोव्याचे.

२८ सप्टेंबर १९७३ ला 'बॉबी' आला. मी तो बघितला खूप उशिरा, आणि गोंयकार म्हणून थोडा चिडूनच. राज कपूर आणि ख्वाजा अहमद अब्बास यांचा गोवा म्हणजे मासे, दारू, खिदळणे. प्रेमनाथचा जॅक ब्रागांझा तर इतका मोठ्याने जगतो की आमच्या शुक्रवारच्या बाजारातली मासळीवाली लाजेल. कोकणी देखणीची चाल उचलली तीही पार्टीतल्या नाचासाठी. पण त्या सगळ्या गोंगाटात जॅकची आई, मिसेस ब्रागांझा, मात्र शांत आहे. श्रीमंताच्या पोराला सांभाळलेली ही बाई आता म्हातारी झाली आहे, आणि तो तिला भेटायला येतो म्हणून तर पुढची गोष्ट घडते. मुंबईत दाया, नर्सा, गव्हर्नेस म्हणून राबलेल्या गोव्याच्या बायकांना हिंदी पडद्यावर जी काही अब्रू मिळाली त्यातली बरीच या छोट्या भूमिकेत आहे. दुर्गाबाईंनी तिला चेष्टेचा विषय होऊ दिले नाही. घरात कोकणी बोलत वाढलेल्या हिंदू बाईने ख्रिस्ती गोंयकार आजी करावी, आणि चित्रपटात एवढी एकच गोवेकर खरी वाटावी! नायक कोण, तर ऋषी कपूर, पृथ्वीराजांचा नातू. कपूरांच्या तीन पिढ्यांसमोर काम करणारे नट आणखीही असतील. पण आजोबांची सीता, काकांची आई आणि नातवाची गव्हर्नेस होणाऱ्या या एकट्याच.

त्या मूळच्या गोव्याच्या होत्या म्हणून त्यांना ही भूमिका जमली, असे मी म्हणणार नाही. रक्ताने अभिनय येत नसतो. पण मुंबईतल्या लाडांच्या घरात जी कोकणी बोलली गेली, जी माणसे ये-जा करीत असतील, ती त्यांच्या कानात होती असे मानायला हरकत नसावी. गोव्याचा त्यांच्यावर हक्क असेलच तर तो एवढा, कानापुरता. बाकी त्यांना घडवले कोल्हापूरने, कलकत्त्याने आणि गिरगावने. आपण दर मोठ्या माणसाचे मूळ गाव शोधून तिथे झेंडा लावतो. त्या नादात त्याने काय काम केले ते बघायचे राहून जाते.

एक गोष्ट आणखी, जी मला स्वतःला उशिरा कळली. १९८८ मध्ये दूरदर्शनवर 'वागले की दुनिया' लागायचे तेव्हा आम्ही पोरे वसतिगृहाच्या एकाच टीव्हीसमोर दाटीवाटीने बसायचो. आर. के. लक्ष्मण यांचा साधा माणूस, कुंदन शाह यांचे दिग्दर्शन, अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर. श्रेयनामावलीत निर्मितीसंस्थेचे नाव यायचे : दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स. आम्ही ते वाचलेच नाही. लघुपट, जाहिरातपट करत करत ही संस्था टीव्हीपर्यंत आली होती. मूकपट संपताना सुरू झालेले नाव दूरदर्शनच्या मालिकेपर्यंत टिकले. २२ सप्टेंबर १९९१ ला त्या गेल्या.

तक्ता आता बदलला आहे. 'घरंदाज' आणि 'पहिली' हे शब्द काढले. बदली दुर्गाबाई कामत आणि ज्योत्स्ना भोळे यांची नावे त्याच तक्त्यावर, त्याच आकाराच्या अक्षरांत घातली. यावर बैठकीत बराच वाद झाला आणि दोन सभासदांचा विरोध टिपणात नोंदवलेला आहे. फोटो 'अयोध्येचा राजा'तला होता, तो बदलून 'अमरज्योती'तला घ्यावा अशी माझी सूचना होती. तीवर पुढच्या बैठकीत चर्चा आहे. सभासदांनी येण्यापूर्वी 'अमरज्योती' बघून यावे, एवढी विनंती.